झील मागाहून चिकटवता येत नाही

मा. संपादक,
स. न.

आपल्या पुरवणीत एका लोकगायिकेच्या नव्या स्टुडिओ अल्बमचं परीक्षण वाचलं. आवाज भरदार, चाली ओळखीच्या, तरी गाणी रंगत नाहीत, असा त्याचा एकूण सूर होता आणि सगळा दोष स्टुडिओतल्या यंत्रांवर टाकलेला होता. सोलापूर, तुळजापूर, पंढरपूर, मंगळवेढा या पट्ट्यातली आराधी (देवीच्या भक्तांची) गाणी, गोंधळ, भारुडं, धनगरी ओव्या आणि भीमगीतं रेकॉर्ड करणारे आणि त्यांना साथ करणारे आम्ही काही जण हे पत्र लिहीत आहोत. यंत्रं बिचारी सांगाल ते करतात. बिघडलाय तो कामाचा क्रम.

सध्या बहुतेक अल्बम असे होतात. संगीत संयोजक घरी बसून कीबोर्डवर आणि कॉम्प्युटरवर ट्रॅक तयार करतो. ढोलकी, हलगी, संबळ हे सगळं तयार सॅम्पलमधून, म्हणजे आधीच रेकॉर्ड करून ठेवलेल्या तुकड्यांतून येतं. मग गायिकेला दोन तासांसाठी बोलावतात, हेडफोन लावतात आणि ट्रॅकवर गाणं ‘डब’ करून घेतात. कोरसवाले आणखी वेगळ्या दिवशी येतात. म्हणजे घर आधी बांधलं आणि त्यात माणूस बसतो का ते नंतर पाहिलं. सिनेमाच्या गाण्याला हा क्रम चालतो, कारण तिथं चाल आणि लांबी आधीच ठरलेली असते. गोंधळाला तो चालत नाही, कारण गोंधळ गाताना घडतो.

सगळ्यात आधी मरते ती झील, म्हणजे साथीदारांनी गायकाच्या ओळीमागं धरलेला सूर. गोंधळात किंवा पोवाड्यात झीलकरी मुख्य गायकाची ओळ संपायची वाट पाहत बसत नाहीत. शेवटचं अक्षर हवेत असतानाच ते ‘जी जी रं जी’ उचलतात. गायक तेवढ्यात दम घेतो आणि झील पुरती उतरायच्या आत पुढची ओळ टाकतो. कौलावर कौल चढावं तशी ही टोकं एकमेकांवर अर्धा-पाऊण ठोका चढलेली असतात. कोरस वेगळा रेकॉर्ड झाला की एडिटिंग करणारा प्रत्येक तुकडा स्वच्छ कापतो, दम घेतल्याचा आवाज काढून टाकतो आणि ओळीपुढे ओळ मांडून ठेवतो. कौलं शेजारीशेजारी ठेवल्यासारखं होतं आणि मधल्या फटीतून गाणं गळतं. त्यात एकाच पोराकडून तीच झील आठ वेळा गाऊन घेतात आणि तिला कोरस म्हणतात. काही ठिकाणी तर पहिल्या कडव्याची झील उचलून सगळ्या कडव्यांना चिकटवतात. पहिल्या कडव्याला झीलकरी अजून गार असतात, पाचव्याला तापलेले असतात, हे ज्याला ऐकू येत नाही त्यानं पोवाड्याला हात लावू नये.

दुसरी गोष्ट लयीची. आराधी मेळ्यातलं गाणं मिनिटाला समजा ९० ठोक्यांवर सुरू झालं, तर शेवटच्या ‘उदे गं अंबे उदे’पर्यंत ते १३०-१४० वर गेलेलं असतं. ही चढण सरळ रेषेत नसते. दोन कडवी लय थांबून राहते, मग संबळवाला एक तोडा टाकतो आणि सगळे एक पायरी वर जातात. क्लिकवर, म्हणजे कानात वाजणाऱ्या ठरावीक ठोक्यावर, गाणं बांधलं की ही पायरीच नाहीशी होते. मग जोश आणण्यासाठी संयोजक मागं डीजेचा ठोका आणि टाळ्यांचा लूप घालतो. जात्यावरच्या ओवीची गत याहून वाईट. ओवीला टाळीचा ताल नाही. तिची लांबी ठरते दमावर आणि जात्याच्या फेऱ्यावर. तिला चार मात्रांच्या चौकटीत बसवलं की चौथा चरण, जो मुळात आखूड असतो, तो ताणून भरावा लागतो आणि ओवीचं भावगीत होतं.

चौकटीचा जाच ढोलकीलाही होतो. १०० च्या लयीत एका ठोक्याचे चार भाग पाडले तर प्रत्येक भाग १५० मिलिसेकंदांचा होतो. कॉम्प्युटर प्रत्येक बोल त्या रेघेवर नेमका ओढून बसवतो. चांगला ढोलकीवाला केरव्यातला एखादा बोल जाणूनबुजून पंधरा-वीस मिलिसेकंद मागं ठेवतो, त्यानंच गाण्याला चाल येते, पाय हलतो. तेवढंच अंतर सॉफ्टवेअर चूक समजून पुसून टाकतं.

मग करायचं काय? गायक, ढोलकी किंवा संबळ, तुणतुणं आणि झीलकरी एका खोलीत, एका वेळी, एकमेकांकडे तोंड करून रेकॉर्ड करावेत. बाकीचं, म्हणजे बेस, कीबोर्ड, बासरी, जे हवं ते, मागाहून चढवावं. लोकांचा समज असा की असं केल्यानं खर्च वाढतो. तयारी करून आलं तर वाढत नाही. स्टुडिओत पाऊल ठेवण्याआधी निदान तीन तालमी व्हाव्यात आणि प्रत्येक तालीम मोबाइलवर रेकॉर्ड करावी. घरी ऐकून तीन गोष्टी कागदावर लिहाव्यात. पट्टी कोणती, म्हणजे मूळ सा कुठला (काळी एक, पांढरी चार, जी असेल ती), सुरुवातीची आणि शेवटची लय किती, आणि लय कुठल्या कडव्याला चढते. हा कागद हाती असला की आठ गाण्यांचं मूळ रेकॉर्डिंग दोन दिवसांत उरकतं. तो नसला की पहिला अर्धा दिवस पट्टी ठरवण्यात जातो आणि तोवर गायिकेचा गळा बसतो.

पट्टीचा घोळ ट्रॅकवाल्या पद्धतीत कायमचाच. संयोजकानं अंदाजानं काळी एकमध्ये ट्रॅक केला, गायिकेचा गळा काळी दोनचा निघाला, की ट्रॅक सॉफ्टवेअरनं दोन घरं, म्हणजे पेटीवरची लागोपाठची दोन बटणं, वर ओढतात. सूर वर जातो, पण त्याबरोबर ढोलकीच्या खोडाचा घुमारा, हलगीच्या कड्याचा नाद हेही वर ओढले जातात. खरी ढोलकी पट्टीत चढवली तर पुडी ताणली जाते, खोड तेवढंच राहतं. म्हणून अशा अल्बममधली ढोलकी प्लास्टिकच्या डब्यासारखी वाजते.

आता खोली. सोलापुरात बहुतेक स्टुडिओ घराच्या वरच्या मजल्यावर, दहा बाय बाराच्या खोलीत असतात. भिंतीला चादरी ठोकल्या की काम झालं असं समजतात. आमच्या गावच्या चादरीचा आम्हालाही अभिमान आहे, पण भिंतीला चिकटून लावलेली चादर फक्त अगदी वरचे, बारीक सूर शोषते. भिंतीपासून १० सेंटिमीटर सोडून दुहेरी टांगली तर साधारण ८५० हर्ट्झच्या वर तिचा उपयोग सुरू होतो. ढोलकीची डावी पुडी, हलगीचा घुमारा, पुरुषी आवाजाचं वजन हे सगळं त्याच्या खाली असतं आणि ते खोलीत तसंच घुमत राहतं. परिणाम असा की रेकॉर्डिंग वरून दबलेलं आणि खालून गुरगुरतं. कोपऱ्यांत जमिनीपासून छतापर्यंत १० सेंटिमीटर जाडीचं ४८ घनतेचं (घनमीटरला ४८ किलो) रॉकवूल, म्हणजे दगडी लोकर, कापडात गुंडाळून उभं करावं. ते परवडत नसेल तर कापसाच्या जुन्या गाद्या कोपऱ्यात तिरक्या उभ्या कराव्यात, चादरींपेक्षा बऱ्या. खोलीपेक्षा एखाद्या शाळेचा रिकामा वर्गही चालतो. मध्यभागी उभं राहून एक टाळी वाजवावी. टाळीमागं भिंतीतून ‘टर्र’ असा आवाज आला किंवा नाद सेकंदभर रेंगाळला, तर ती जागा सोडावी.

सोलापूरच्या पूर्व भागात यंत्रमागांची खडखड असते. ती नंतर कुठल्याही फिल्टरनं निघत नाही, कारण ती गाण्याच्याच सुरांच्या पट्ट्यात असते. आजूबाजूचे माग कधी बंद असतात ते विचारून वेळ धरावी. पंख्याचा, कूलरचा, रस्त्याचा खालचा घर्रर आवाज मात्र ८० हर्ट्झच्या खालचं कापलं की बराच जातो. विजेची घरघर ५० हर्ट्झची. अर्थिंग नीट नसलं की ती येते, आणि साध्या चौकोनी लहरीच्या इन्व्हर्टरवर स्टुडिओ चालवला तरी येते. भारनियमनाची धास्ती असेल तर शुद्ध साइन वेव्हचा इन्व्हर्टर घ्यावा.

वाद्यांकडे वळू, कारण खरी गंमत आणि खरी गोची तिथंच आहे. कातडं हवेनं बदलतं. दमट हवेत सैल पडून उतरतं, कोरड्या हवेत ताणून चढतं. स्टुडिओतला एसी हवेतला ओलावा ओढतो, म्हणून बाहेर सुरात लावलेली ढोलकी आत अर्ध्या तासात चढलेली असते. पहिला टेक एका सुरात, चौथा वेगळ्या, आणि त्यातले तुकडे जोडायला गेलं की जोड उघडा पडतो. उपाय साधा आहे. वाद्यं तासभर आधी खोलीत आणून उघडी ठेवावीत, एसी एका तापमानावर चालू ठेवावा, बंद-चालू करू नये आणि प्रत्येक टेकआधी ट्यूनरवर सूर पाहून लिहून ठेवावा. दोरीच्या ढोलकीला हातोडी, बोल्टच्या ढोलकीला पाना, हे विसरून येणारे वादकही असतात.

हलगीचं उलट. तिला शेक लागतो आणि स्टुडिओत जाळ करता येत नाही. गच्चीवर उन्हात ठेवणं, शंभर वॉटच्या बल्बसमोर धरणं, अगदी केस वाळवायच्या ड्रायरनं फिरता शेक देणं, यातलं काहीही चालतं. एकाच जागी गरम हवा धरली तर मात्र कातडं तिथं करपतं आणि पुढं तिथूनच फाटतं. पावसाळ्यात हलगी पंधरा-वीस मिनिटांत उतरायला लागते, म्हणून दोन हलग्या ठेवून आळीपाळीनं शेकाव्यात. फायबरच्या हलगीला शेक लागत नाही हे खरं, कुस्तीच्या फडात आणि मिरवणुकीत ती सोयीचीही आहे. माइकपुढं मात्र तिचा टणत्कार उरतो आणि पोट हरवतं. दिमडीला पूर्वी घोरपडीचं कातडं लावत. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ खाली तो आता गुन्हा आहे, तेव्हा ‘अस्सल’ आवाजाच्या नादी लागून कुणी ते मागू नये. बकऱ्याचं पातळ कातडं नीट ताणलं तर काम भागतं.

माइक कुठं लावायचा हे मंचावरच्या सवयीनं ठरवू नये. मंचावर माइक वाद्याला चिकटवतात कारण शिट्टी मारते. इथं ती अडचण नाही. ढोलकीला दोन माइक लावावेत. शाईच्या पुडीपासून १५-२० सेंटिमीटरवर तिरका एक आणि डाव्या पुडीपासून २०-२५ वर दुसरा, तोही हवेचा झोत बसणार नाही असा. दोन्ही चालू करून एकाचा फेज, म्हणजे लहरीची दिशा, बटणानं उलटा करून पाहावा. ज्या बाजूला डाव्या पुडीचं वजन वाढतं ती बाजू ठेवावी. हे अर्ध्या मिनिटाचं काम कुणी करत नाही, आणि मग डावी पुडी पोकळ वाजते म्हणून मिक्सिंगला बसून तासभर बेस वाढवत राहतात. संबळाला एकच माइक पुरतो, दोन भांड्यांच्या मध्ये वरून ४०-५० सेंटिमीटरवर. जवळ नेला तर वाकड्या काठीचा खटका जास्त आणि भांड्याचा नाद कमी येतो. हलगीला शुअर एसएम ५७ सारखा साधा डायनॅमिक माइक वादकाच्या खांद्यावरून पाऊण-एक मीटरवर ठेवावा. कंडेन्सर, म्हणजे जास्त नाजूक कानाचा माइक, लावायचाच तर त्याचा पॅड (आत येणारा आवाज कमी करणारं बटण) चालू करावा, नाहीतर पहिल्याच काडीला आवाज फाटतो.

तुणतुण्याची उपेक्षा सगळ्यात मोठी. संयोजक त्याच्या जागी तानपुऱ्याचा लूप टाकतात. तानपुरा फक्त सूर धरतो, तुणतुणं सूर आणि लय दोन्ही धरतं. ते काढलं की ढोलकीला टेकायला भिंत राहत नाही. रेकॉर्ड करताना माइक तारेच्या बाजूनं, साधारण ३० सेंटिमीटरवर ठेवावा. नळकांड्याच्या उघड्या तोंडासमोर धरला की घुमाराच जास्त येतो. तार कातड्याला ओढून धरलेली असते, कातडं ढिलं झालं की सूर उतरतो आणि खुंटीही सरकते. दर टेकनंतर लावून घ्यावं. हाच न्याय चौंडक्याला. बगलेत धरलेल्या वाद्याचा ताणच हातानं बदलत असतो, तिथं सॅम्पल काय करणार? आणि ज्या सोलापूरनं सुंदरीसारखं, सनईच्या जातीचं छोटं वाद्य सगळ्या देशाला ऐकवलं, तिथल्या अल्बममध्ये सनई कीबोर्डमधून यावी हे ऐकवत नाही.

एका खोलीत रेकॉर्ड केलं की एकाचा आवाज दुसऱ्याच्या माइकमध्ये येणारच. त्याला घाबरू नये, त्याला शिस्त लावावी. गायिका माइकपासून ३० सेंटिमीटरवर असेल तर शेजारचा माइक निदान ९० सेंटिमीटर लांब हवा. म्हणजे तिप्पट. आवाजाला एक मीटर जायला साधारण ३ मिलिसेकंद लागतात, तेव्हा तीन मीटरवरची हलगी गायिकेच्या माइकमध्ये ९ मिलिसेकंद उशिरा येते. ती हळू असेल तर खोलीचा भरणा वाटते, मोठी असेल तर चिखल होतो. म्हणून हलगी सगळ्यात लांबच्या कोपऱ्यात, मध्ये एक गादी उभी. झीलकरी गायिकेच्या समोर अर्धवर्तुळात, तिघांना एक माइक. त्यांनी तिचं तोंड पाहिलं पाहिजे. झील कधी उचलायची हे कानाआधी डोळ्याला कळतं.

गायकाच्या हेडफोनकडे कुणाचं लक्ष नसतं. मैदानात गायलेला गळा उघडा असतो. हेडफोनमध्ये त्याला स्वतःचा आवाज मोठा दिला की तो आपोआप दबून गातो आणि गळ्यातली धार जाते. वाद्यं मोठी दिली की ओरडतो आणि सूर वर सरकतो. एक कान मोकळा ठेवायला सांगावं, सगळे समोर बसलेलेच आहेत. कॉम्प्युटरचा बफर (आवाज साठवून पुढं पाठवायचा तुकडा) १०२४ वर राहिला असेल तर हेडफोनमधला स्वतःचा आवाज चाळीस मिलिसेकंदांहून उशिरा येतो आणि पट्टीचा गाणाराही अडखळतो. रेकॉर्डिंगच्या वेळी बफर १२८ किंवा ६४ करावा. पातळी ठरवताना गायिकेला पहिली ओळ म्हणायला सांगतात, ही चूक. शेवटचं, चढलेलं कडवं आधी गाऊन घ्यावं आणि त्यावर पातळी बांधावी. सगळ्यात मोठ्या ओळीला उणे १० डेसिबलपर्यंत काटा गेला तर पुरे. २४ बिटला हळू रेकॉर्ड झालेलं नंतर वाढवता येतं, फाटलेलं शिवता येत नाही.

पेटी असेल तर आधी तिचा सूर तपासावा. जुन्या पेट्या ४४० हर्ट्झच्या, म्हणजे आजच्या प्रमाण सुराच्या, नसतात. ४४५ ला लागलेली पेटी कीबोर्डपेक्षा जवळजवळ २० सेंट वर असते, म्हणजे एका घराचा पाचवा हिस्सा, आणि दोन्ही एकत्र वाजले की गाणं बेसूर वाटतं, शिव्या गायिकेला बसतात. कीबोर्ड पेटीला लावून घ्यावा, दोन बटणांचं काम आहे. पेटीचे स्वर त्यासाठी खरवडायला जाऊ नये.

ऑटोट्यूनबद्दल इतकंच की ते बारा समान घरांच्या पट्टीवर चालतं. तंबोऱ्याशी मिळालेला शुद्ध गंधार त्या पट्टीच्या गंधारापेक्षा १४ सेंट खाली असतो. खरा लागलेला गंधार सॉफ्टवेअर ‘दुरुस्त’ करून बिघडवतं. आराधी गाण्यातला हेल, ओवीच्या शेवटचा घसरता सूर यांना घरच नसतं, ते दोन घरांच्या मधून जातात. यंत्र त्यांना पायऱ्या पाडतं. एखादा सूर खरंच चुकला असेल तर तेवढाच हातानं उचलावा. नाहीतर ती ओळच पुन्हा गाऊन घ्यावी, ते लवकर होतं. बोलीचंही तसंच. ‘न्हाई’चं ‘नाही’ आणि ‘लई’चं ‘फार’ करून शुद्ध मराठीत गाऊन घेणारे संयोजक आहेत. अक्षराचं वजन बदलतं, ठेका चुकतो, आणि मग गायिकेला ताल कळत नाही म्हणतात.

पूर्ण गाण्याचे तीन टेक घ्यावेत, फार तर चार. त्यातला एक पाया धरावा आणि दुसऱ्याचा तुकडा घ्यायचाच असेल तर अख्खं कडवं घ्यावं. कापायचं ते झील उतरल्यावरच्या ठोक्यावर, दम घेतल्याचा आवाज शाबूत ठेवून. नंतर कीबोर्ड चढवायचा असेल तर या टेकवरून लयीचा नकाशा काढता येतो. कॉम्प्युटरची चौकट गाण्यामागं चालते, गाणं चौकटीमागं नाही. बहुतेक संयोजकांना हे येतं, पण कुणी मागत नाही म्हणून करत नाहीत.

मिक्सिंगमध्ये एकच आवरायचं, ते म्हणजे हॉलचा प्रतिध्वनी. ही गाणी पटांगणात, देवळासमोर, मांडवात गायली गेली. त्यांना मोठ्या सभागृहाचा घुमारा दिला की शब्द पुसतात. आणि मास्टरिंगला आवाज कोंबून मोठा करण्यात अर्थ उरलेला नाही. स्पॉटिफायसारख्या सेवा गाणं साधारण उणे १४ एलयूएफएसवर (कानाला जाणवणाऱ्या मोठेपणाचं हे माप) आणून ठेवतात. तुम्ही उणे ७ पर्यंत दाबलेलं गाणं तिथं परत हळू होतं, संबळाचा जीव मात्र गेलेला तो गेलाच.

गाणं किती लांब ठेवावं यावर आमच्यातच मतभेद आहेत. स्पॉटिफायवर ३० सेकंद ऐकल्यावरच गाणं ऐकलं असं मोजलं जातं, म्हणून गण आणि आवतन (देवांना बोलावणं) कापून पहिल्या दहा सेकंदांत धृपद आणतात. यावर गळा काढण्यात तथ्य नाही. १९०२ मध्ये भारतात ग्रामोफोनची ध्वनिमुद्रणं सुरू झाली तेव्हापासून तीन-साडेतीन मिनिटांची कात्री लोकगीतांवर चाललेली आहे. पण तेव्हा तबकडीत जागा नव्हती. आज आहे. आठ मिनिटांचा पूर्ण गोंधळ आणि चार मिनिटांचा कापलेला, अशी दोन्ही रूपं वेगळ्या आयएसआरसी क्रमांकानं (रेकॉर्डिंगचा ओळख क्रमांक) काढता येतात. कापताना आवतन काढलं तर निदान ज्या देवाला बोलावलं नाही त्याची आरती तरी ठेवू नये!

कागदपत्रांचं गायकांनी जास्त मनावर घ्यायला हवं. कॉपीराइट कायद्यात गायक-वादकाला स्वतःचा वेगळा हक्क आहे, तो ५० वर्षं चालतो. ध्वनिमुद्रणाचा हक्क ६० वर्षं. गीतकार-संगीतकाराचा रॉयल्टीतला समान वाटा २०१२ च्या दुरुस्तीनंतर कंपनीला लिहून देऊन टाकता येत नाही, वारस किंवा कॉपीराइट सोसायटी एवढेच अपवाद. हक्क लिहून दिले आणि करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरता. म्हणून कंपनीच्या छापील करारात ‘कायमस्वरूपी’ आणि ‘संपूर्ण जग’ हे शब्द आधी शोधावेत. पारंपरिक ओवीपुढं ‘गीत : पारंपरिक’ असंच लिहावं. आजीच्या ओवीवर नातवाच्या मित्राचं नाव गीतकार म्हणून चढलेलं आम्ही रोज बघतो. आणि तयार लूप वापरलेला ट्रॅक यूट्यूबच्या कंटेंट आयडीत (गाणं आपोआप ओळखून हक्क सांगणारी यंत्रणा) टाकू नये, नियमातही ते बसत नाही. तोच लूप शंभर जणांच्या गाण्यांत असतो, मग एकमेकांवर दावे लागतात आणि गायिकेनं स्वतः जत्रेत गायलेल्या व्हिडिओचे पैसेही अडकतात.

मूळ रेकॉर्डिंगची प्रत गायकानं स्वतःकडे ठेवावी. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, आठ ट्रॅक, पाच मिनिटांचं गाणं, सगळं मिळून साडेतीनशे एमबीच्या आसपास. पेन ड्राइव्हवर मावतं. पुढं कुणी रिमिक्स करू म्हणालं तर निदान खरी ढोलकी हाताशी असेल.

आपल्याकडे मागणं एवढंच आहे. अल्बमचं परीक्षण छापताना शेवटी चार ओळींची चौकट द्या. ढोलकी, संबळ, हलगी, तुणतुणं कुणी वाजवलं, झीलकरी कोण, सगळे एकत्र रेकॉर्ड झाले की वेगळे, आणि शब्द कुणाचे किंवा पारंपरिक. मोबाइलवर गाणं ऐकणाऱ्याला ही नावं सहसा दिसत नाहीत. वर्तमानपत्रात छापून येणार म्हटलं की निर्माता विचारून तरी ठेवेल. शाहीर रामजोशींच्या गावात आणि शाहीर अमर शेखांच्या जिल्ह्यात एवढी अपेक्षा जास्त नाही.

आणि जे कुणी पुढच्या नवरात्रासाठी अल्बमची तयारी करत असतील त्यांना एक सांगणं. देवीची गाणी दर वर्षी श्रावण-भाद्रपदात घाईनं रेकॉर्ड होतात. सोलापूरचा सगळ्यात जास्त पाऊस सप्टेंबरात, म्हणजे नेमकं तेव्हाच कातडं सगळ्यात सैल. एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशी ओलांडतो, तेव्हा पुड्या ताणून तडकतात. जानेवारीतली सिद्धेश्वराची गड्ड्याची यात्रा संपली की फेब्रुवारीत हवा कोरडी असते आणि तापलेली नसते, ढोलकी सकाळी लावली तर संध्याकाळपर्यंत फारशी हलत नाही. स्टुडिओच्या तारखा तेव्हाच्या घ्याव्यात.

आपले,
सोलापुरातील काही ध्वनिमुद्रक आणि साथीदार